कॅनडातला कायदेशीर गांजा उद्योग: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

टोरांटो, ब्रॅम्प्टन, मिसिसागा, कॅल्गरी इथल्या मराठी घरांतून हे प्रश्न सतत येतात. कुणाला दुकान टाकायचं असतं, कुणाचा मुलगा काउंटरवर कामाला लागलेला असतो, कुणी या कंपन्यांत पैसे गुंतवलेले असतात, तर कुणाला पुढच्या महिन्यात मुंबईला यायचं असतं. उत्तरं अशा क्रमाने घेतली आहेत: आधी धंदा, मग माल, मग दुकान आणि नोकरी, शेवटी घर आणि प्रवास.

कॅनडात गांजा नेमका कधीपासून कायदेशीर आहे?

औषधी वापर २००१ पासून. न्यायालयांच्या निकालांमुळे सरकारला ती वाट काढून द्यावी लागली. प्रौढांसाठी सरसकट विक्री सुरू झाली १७ ऑक्टोबर २०१८ रोजी, 'कॅनबिस कायदा' लागू झाला तेव्हा. त्या दिवशी फक्त फुलं, तेल, रोपं आणि बिया विकायला परवानगी होती. खाण्याचे पदार्थ, अर्क आणि त्वचेला लावायचे प्रकार यांचे नियम १७ ऑक्टोबर २०१९ ला आले आणि तो माल प्रत्यक्ष दुकानात दिसायला डिसेंबर उजाडला.

कायद्याने गांजा 'मोकळा' केला असं म्हटलं जातं, पण तसं झालेलं नाही. गुन्हेगारी कायद्यातून एक अरुंद वाट काढली आहे, आणि त्या वाटेबाहेर पाऊल पडलं की शिक्षा कडक आहेत. अल्पवयीन मुलाला गांजा देण्याला १४ वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

नियंत्रण कुणाचं? केंद्राचं की प्रांताचं?

दोघांचं, आणि नवख्यांचा पहिला घोटाळा इथेच होतो. पीक घेणं, प्रक्रिया, चाचणी, पॅकिंग आणि आयात-निर्यात हेल्थ कॅनडाकडे, म्हणजे केंद्राच्या आरोग्य खात्याकडे. उत्पादन शुल्क कॅनडा रेव्हेन्यू एजन्सीकडे, म्हणजे सीआरएकडे. घाऊक आणि किरकोळ विक्री, वयाची अट, कुठे ओढता येईल हे सगळं प्रांताकडे. दुकान कुठल्या गल्लीत चालेल हे बऱ्याचदा नगरपालिकेकडे.

म्हणून प्रांतागणिक चित्र बदलतं. क्युबेकमध्ये विक्री फक्त सरकारी एसक्यूडीसीच्या दुकानांतून. ऑन्टारिओत घाऊक व्यापार सरकारी ओसीएसकडे, दुकानं खासगी. सस्काचेवानमध्ये घाऊक आणि किरकोळ दोन्ही खासगी. वयाची अट अल्बर्टात १८, क्युबेकमध्ये २१, बाकी सगळीकडे १९.

पीक घ्यायचं असेल तर परवाने किती प्रकारचे?

मुख्य प्रकार म्हणजे स्टँडर्ड लागवड, मायक्रो लागवड, नर्सरी, आणि प्रक्रियेचे स्टँडर्ड व मायक्रो परवाने. औषधी विक्री, चाचणी आणि संशोधन यांचे वेगळे. मायक्रो लागवडीला सुरुवातीला २०० चौरस मीटरपर्यंतच झाडं पसरवता येत. मार्च २०२५ च्या दुरुस्तीने ही मर्यादा ८०० चौरस मीटर झाली. मायक्रो प्रक्रियेची वार्षिक मर्यादा त्याच वेळी ६०० किलोवरून २,४०० किलो सुक्या मालाइतकी वाढली.

मोजणी जमिनीची नसून झाडांनी व्यापलेल्या पृष्ठभागाची असते. एकावर एक मांडण्या लावल्या तर प्रत्येक मजल्याचं क्षेत्र धरलं जातं. मांडण्या चढवल्या की मर्यादा दुप्पट झाली, असं समजून आराखडा काढणारे अर्जाच्या टप्प्यातच अडकतात.

आधी परवाना घेऊन मग इमारत बांधली तर?

चालत नाही. मे २०१९ पासून लागवड, प्रक्रिया किंवा औषधी विक्रीचा नवा अर्ज करताना जागा पूर्ण बांधून तयार असावी लागते. कॅमेरे, कुंपण, दरवाज्यांचे ॲक्सेस कंट्रोल, वास बाहेर जाऊ न देणारी हवा गाळण्याची यंत्रणा, सगळं बसवून त्याचा पुरावा अर्जासोबत द्यावा लागतो. म्हणजे परवाना मिळण्याची खात्री नसताना भांडवल आधी गुंतवायचं. भाडं, वीजजोडणी, विमा आणि व्याज यांचा मीटर पहिल्या दिवसापासून चालू होतो आणि पहिलं पीक विकून पैसे हातात यायला दीड-दोन वर्षंही लागू शकतात.

त्यामुळे क्रम असा ठेवावा. पहिल्यांदा नगरपालिकेचं झोनिंग, म्हणजे त्या जागेवर कोणता वापर चालतो ते, लेखी तपासा. दुसरं, वीज कंपनीकडून त्या पत्त्यावर किती भार मिळेल ते विचारा. बंदिस्त इमारतीतली लागवड दिवे आणि वातानुकूलन यांवर चालते आणि गोदामाची मूळ जोडणी बहुधा अपुरी पडते. तिसरं, संचालक आणि प्रमुख पदांवरच्या लोकांची सुरक्षा तपासणी लवकर सुरू करा. तिला वेळ लागतो. पोलिसांनाही अर्जाआधी लेखी कळवावं लागतं, तसंच अग्निशमन दल आणि स्थानिक शासनालाही. हे सगळं झाल्यावर बांधकामाला हात घाला.

'क्यूएपी' कोण असतो? त्याच्यावाचून चालेल का?

क्वालिटी ॲश्युरन्स पर्सन. प्रक्रिया परवान्याला तो सक्तीचा आहे. त्याची मंजुरी मिळाल्याशिवाय एकही पाकीट बाजारात जात नाही. मायक्रो शेतकऱ्याकडे प्रक्रिया परवाना नसेल तर तो आपला माल घाऊकमध्ये एखाद्या प्रक्रियादाराला विकतो, आणि मालाची अंतिम जबाबदारी त्या प्रक्रियादाराच्या क्यूएपीवर जाते. औषधनिर्माण किंवा अन्नप्रक्रियेत काम केलेले आपले बरेच लोक या पदावर चांगले बसतात, कारण इथे लागणारी शिस्त तीच आहे: बॅच रेकॉर्ड, तक्रार नोंद, माल परत मागवण्याची पद्धत.

उत्पादन शुल्क एवढं गाजतंय ते का?

या उद्योगाची खरी दुखरी नस हीच आहे, म्हणून जरा सविस्तर.

फुलांवरचं शुल्क असं: ग्रॅममागे १ डॉलर किंवा उत्पादकाच्या किमतीच्या १० टक्के, यांतलं जे जास्त असेल ते. यात केंद्राचा वाटा २५ सेंट आणि प्रांताचा ७५ सेंट. काही प्रांत यावर आणखी टक्का लावतात. खाद्यपदार्थ, अर्क आणि लेप यांना टीएचसीच्या, म्हणजे नशा आणणाऱ्या घटकाच्या, दर मिलिग्रॅममागे १ सेंट.

आता आकडे मांडा. किंमत ग्रॅमला १० डॉलर असेल तर १ डॉलर म्हणजे बरोबर १० टक्के. साडेतीन ग्रॅमच्या पाकिटावर ३.५० डॉलर शुल्क, ३५ डॉलरच्या किमतीत खपून जातं. पण बाजारात माल वाढला, दर कोसळले. समजा त्याच पाकिटाचे उत्पादकाला शुल्कासकट १०.५० डॉलर मिळाले. शुल्क तेच, ३.५० डॉलर. म्हणजे मिळालेल्या रकमेचा तिसरा हिस्सा. उरलेल्या ७ डॉलरमध्ये वीज, मजुरी, चाचणी, डबी, वाहतूक, घाऊक माल घेणाऱ्या प्रांतिक मंडळाच्या अटी आणि हेल्थ कॅनडाची वार्षिक फी भागवायची. ही फी स्टँडर्ड परवान्याला उत्पन्नाच्या २.३ टक्के आणि किमान २३,००० डॉलर. मायक्रोला पहिल्या १० लाख डॉलरवर १ टक्का आणि किमान २,५०० डॉलर.

भरणा आधी दरमहा असायचा. १ एप्रिल २०२२ पासून लहान परवानाधारकांना, म्हणजे मागच्या चार तिमाहींत ज्यांचं शुल्क १० लाख डॉलरच्या आत होतं त्यांना, तीन महिन्यांनी भरण्याची मुभा मिळाली, आणि १ एप्रिल २०२३ पासून ती सगळ्याच परवानाधारकांना आहे. माल पोचवला की देणं लागू होतं, पैसे मात्र मंडळाकडून नंतर येतात. हातात आलेली शुल्काची रक्कम मजुरीला वापरली की पुढच्या भरण्याला खड्डा पडतो. या धंद्यात बुडणाऱ्यांच्या देणेकऱ्यांच्या यादीत सीआरए ठळकपणे दिसते ती यामुळे. आमचा आग्रह एकच आहे: शुल्काचं खातं पहिल्या दिवसापासून वेगळं ठेवा आणि त्याला हात लावू नका.

शिक्के वेगवेगळ्या रंगांचे का असतात?

प्रत्येक प्रांताचा उत्पादन शुल्काचा शिक्का वेगळ्या रंगाचा आहे. ऑन्टारिओचा शिक्का लावलेलं पाकीट अल्बर्टात विकता येत नाही. ऑन्टारिओत माल पडून राहिला तर तो उचलून दुसरीकडे पाठवता येत नाही, शिक्का बदलण्याचा सगळा खटाटोप करावा लागतो. म्हणून मागणी हातात येईपर्यंत शिक्के लावू नका, सुटा माल ठेवा. पॅकिंगची तारीखही पाकिटावर छापलेली असते आणि गिऱ्हाईक ती बघतं. जुनी तारीख म्हणजे कोरडी फुलं, असा त्याचा अनुभव असतो.

शिक्के मिळण्यासाठी सीआरएचा वेगळा परवाना लागतो आणि किमान ५,००० डॉलरची हमी ठेवावी लागते. फक्त हेल्थ कॅनडाचा परवाना हातात असून भागत नाही.

एवढ्या मोठ्या कंपन्या का गडगडल्या?

मागणीचा अंदाज फुगवून काचगृहं बांधली गेली. २०१८ मध्ये कॉन्स्टेलेशन ब्रँड्स या मद्य कंपनीने कॅनोपी ग्रोथमध्ये सुमारे ५ अब्ज कॅनेडियन डॉलर ओतले. मार्च २०२० मध्ये त्याच कॅनोपीने ब्रिटिश कोलंबियातली सुमारे ३० लाख चौरस फुटांची दोन काचगृहं बंद केली. स्मिथ्स फॉल्सचा तिचा मुख्य कारखाना मुळात हर्शीचा चॉकलेटचा कारखाना होता. २०२३ मध्ये तो हर्शीनेच परत विकत घेतला.

दुसरं कारण नियमभंग. कॅनट्रस्टच्या ऑन्टारिओतल्या पेलम इथल्या काचगृहात परवाना येण्याआधीच पाच खोल्यांत पीक घेतलं गेल्याचं जुलै २०१९ मध्ये उघड झालं आणि सप्टेंबरमध्ये परवाने निलंबित झाले. हेल्थ कॅनडाला पीक चांगलं होतं की नव्हतं याच्याशी घेणं नव्हतं. खोली परवान्यात नव्हती, एवढं पुरेसं होतं.

आणि काळा बाजार संपलेला नाही. सर्वेक्षणांत दहातले साधारण सात ग्राहक आता कायदेशीर ठिकाणाहून घेतो असं सांगतात. उरलेला बाजार शुल्क भरत नाही, चाचणी करत नाही, आणि त्याच्याशी किमतीत स्पर्धा करावी लागते.

पीक कुठे बिघडतं?

फुलोऱ्याचे शेवटचे दोन-तीन आठवडे सगळ्यात जोखमीचे. दिवे बंद झाले की खोली थंड होते, हवेतली सापेक्ष आर्द्रता एकदम वर जाते आणि घट्ट फुलांच्या पोटात करडी बुरशी धरते. बाहेरून फूल ठीक दिसतं. एखादं बारीक पान अकारण पिवळं पडून ओढताच हातात आलं, तर फूल उघडून बघा, आत करडा भुसा सापडेल. उपाय औषधात नाही, हवेत आहे: दिवे गेल्यावरही आर्द्रता शोषणारी यंत्रं चालू ठेवायची, झाडांमधून वारा खेळता ठेवायचा.

दुसरा शत्रू हॉप लेटंट व्हायरॉइड, विषाणूसारखा एक रोगकारक. झाड मरत नाही, खुरटतं, फुलं लहान राहतात आणि टीएचसी उतरतं. तो कात्रीवरून आणि कलमांवरून पसरतो. मातृवृक्षांची प्रयोगशाळेत तपासणी करून मगच कलमं घ्यावीत आणि झाडागणिक हत्यारं निर्जंतुक करावीत.

वाळवताना घाई केली की वरचं कोरडं आणि आतलं ओलं राहतं. डबीत बंद केल्यावर आतला ओलावा बाहेर येतो आणि बुरशी वाढते. म्हणून हात लावून अंदाज घेण्याऐवजी वॉटर ॲक्टिव्हिटी, म्हणजे बुरशीला वापरता येईल असा मोकळा ओलावा, मोजायची आणि ती ०.६५ च्या वर असेल तर पॅक करायचं नाही.

कीटकनाशकांची एवढी धास्ती का?

२०१६-१७ मध्ये काही परवानाधारकांच्या मालात मायक्लोब्युटॅनिल सापडलं आणि माल परत मागवावा लागला. हे बुरशीनाशक द्राक्षांवर वापरतात. नाशिक-सांगलीच्या बागायतदारांना नाव ओळखीचं असेल. पण द्राक्ष खातात, गांजा जाळतात, आणि तापवल्यावर या रसायनातून हायड्रोजन सायनाइड निघतं. म्हणून एका पिकावर चालणारं औषध दुसऱ्यावर चालेलच असं धरू नका. जानेवारी २०१९ पासून ९६ कीटकनाशक घटकांची चाचणी सक्तीची झाली. शेजारच्या शेतातून उडून आलेला फवाराही यात पकडला जातो, बाहेर पीक घेणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं.

काही पाकिटांवर टीएचसीचे दोन आकडे का असतात?

फुलात बहुतेक टीएचसी आम्लाच्या रूपात असतं, तापवल्यावर त्याचं टीएचसी होतं. पहिला आकडा आहे त्या स्थितीतला, 'टोटल' हा तापवल्यानंतरचा. आम्लाच्या वजनाला ०.८७७ ने गुणून, त्यात आधीचं टीएचसी मिळवून तो काढतात. खरेदी करताना टोटल बघा. पण फक्त आकड्यामागे धावू नका. जास्त टक्का म्हणजे जास्त भाव, हे गणित बसल्यामुळे आकडा वर दाखवणारी प्रयोगशाळा शोधण्याचा मोह या उद्योगात शिरला आहे.

आमचं मिठाई-फरसाणचं किचन आहे. तिथेच गांजाचे पदार्थ बनवता येतील?

नाही. ज्या इमारतीत साधे अन्नपदार्थ विकण्यासाठी बनतात, तिथे गांजाचे खाद्यपदार्थ बनवता येत नाहीत. वेगळी इमारत आणि प्रक्रिया परवाना लागतो. शिवाय:

- एका पाकिटात एकूण टीएचसी १० मिलिग्रॅमच्या वर नको. पाच बर्फ्या असल्या तर पाचांत मिळून १०.
- दारू आणि निकोटिन चालत नाही. चहा-कॉफी-चॉकलेटमधून नैसर्गिकपणे येणारं कॅफिन पाकिटामागे ३० मिलिग्रॅमपर्यंत चालतं.
- मुलांना भुरळ पडेल असा आकार, नाव किंवा चित्र नको. 'झोप लागते', 'सांधेदुखी जाते' असा दावा नको.
- डबी मुलांना न उघडणारी, साधी, एकरंगी. त्यावर पिवळ्या चौकटीतला इशारा आणि लाल अष्टकोनी टीएचसी चिन्ह.

सगळ्यात चुकतं ते मिसळणं. तेल मिश्रणात सारखं पसरलं नाही तर एका वडीत २ मिलिग्रॅम आणि दुसरीत ५ उतरतं. ५ मिलिग्रॅमच्या वरच्या मालाला छापील आकड्याच्या १५ टक्के आत-बाहेर एवढीच सूट आहे. त्यामुळे भांड्याच्या वरच्या, मधल्या आणि खालच्या भागातून वेगवेगळे नमुने तपासा.

ऑन्टारिओत दुकान टाकायला काय लागतं?

एजीसीओ या प्रांताच्या नियामक संस्थेकडून तीन गोष्टी: चालकाचा परवाना, त्या जागेची वेगळी मंजुरी, आणि व्यवस्थापकाचा परवाना. जागा शाळेपासून १५० मीटरच्या आत नको. कर्मचाऱ्यांना कॅनसेल प्रशिक्षण सक्तीचं. माल फक्त ओसीएसकडून.

भाडेकरार सही करताना परवाना मिळाला नाही तर करार रद्द, अशी अट घाला. आणि आजूबाजूला आधीच किती दुकानं आहेत ते पायी फिरून मोजा. २०१९ मध्ये ऑन्टारिओत सोडतीने २५ दुकानांना सुरुवात झाली. २०२० मध्ये सोडत बंद झाली आणि टोरांटोच्या काही रस्त्यांवर चार-चार दुकानं शेजारी आली. मिसिसागाने सुरुवातीला दुकानांना नकार दिला आणि २०२३ मध्ये परवानगी दिली. म्हणून जुन्या माहितीवर विसंबू नका, पालिकेचा आजचा निर्णय बघा.

मुलगा विद्यार्थी व्हिसावर आहे आणि अशा दुकानात काम करतो. पुढे अडचण येईल?

परवानाधारक दुकानातलं काम कायदेशीर आहे, कामाच्या तासांची मर्यादा पाळली की झालं. पण सरकारच्या नोकऱ्यांच्या वर्गवारीत काउंटरवरच्या विक्रीचं काम टीआर ४ या पातळीत मोडतं, त्यामुळे कायम रहिवासाच्या, म्हणजे पीआरच्या, कॅनेडियन एक्सपिरियन्स क्लास या वाटेत तो अनुभव धरला जात नाही. सुपरवायझरचं पद टीआर २ मध्ये येतं, पण ती कामं खरोखर केलेली असली पाहिजेत, आणि पूर्णवेळ शिकत असताना केलेलं काम या वाटेत धरलं जात नाही.

परवाना नसलेल्या दुकानात मात्र एक दिवसही थांबू नये. शिक्के नसलेली पाकिटं दिसली की ते दुकान बेकायदा समजावं.

घरी किती झाडं लावता येतात? जवळ किती ठेवता येतं?

चार झाडं, आणि ती माणशी नाहीत, घरटी आहेत. एका बेसमेंटमध्ये पाच विद्यार्थी राहत असले तरी चारच. क्युबेकमध्ये बंदी आहे आणि सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये ती वैध ठरवली. घरमालक भाडेकरारात मनाई करू शकतो. ब्युटेनसारखी द्रावणं वापरून घरी अर्क काढणं हा गुन्हा आहे, आणि त्याने स्फोट होतात.

सार्वजनिक ठिकाणी ३० ग्रॅम सुकी फुलं किंवा तेवढ्याच्या बरोबरीचा माल. १ ग्रॅम फुलांबरोबर १५ ग्रॅम खाद्यपदार्थ, पाव ग्रॅम घट्ट अर्क किंवा १ बी, असा हिशोब आहे.

खाण्याच्या प्रकाराचा परिणाम जाणवायला अर्ध्या तासापासून दोन तास लागतात, पूर्ण चढायला चार तासही. 'काही होत नाही' म्हणून दुसरी वडी खाणारेच रुग्णालयात पोचतात. अडीच मिलिग्रॅम किंवा त्याहून कमीपासून सुरुवात करावी. घरात लहान मूल असेल तर डबा कुलपात ठेवा, कारण त्याच्या दृष्टीने ते चॉकलेटच असतं.

ओढून गाडी चालवली तर?

चालवल्यापासून दोन तासांच्या आत रक्तात मिलिलिटरला २ नॅनोग्रॅम टीएचसी सापडलं तरी गुन्हा. ५ किंवा जास्त असेल तर पहिल्या वेळी किमान १,००० डॉलर दंड. पण नवागतांसाठी खरा धोका दंडाचा नाही. डिसेंबर २०१८ पासून नशेत गाडी चालवण्याची कमाल शिक्षा १० वर्षं झाली आहे, त्यामुळे स्थलांतर कायद्यात तो 'गंभीर गुन्हा' ठरतो. पीआर असलेल्या माणसालाही देश सोडायची वेळ येऊ शकते. शिक्षा प्रत्यक्षात दंडावर निभावली तरी. अशी नोटीस हातात आली तर गुन्हा कबूल करण्याआधी स्थलांतराच्या वकिलाला भेटा, नुसत्या वाहतुकीच्या वकिलाला नाही.

भारतात येताना आजीच्या गुडघ्यांसाठी सीबीडी तेल आणता येईल का?

नाही. कॅनडाच्या सीमेबाहेर कुठलाही गांजाचा माल, नशा न आणणारा सीबीडी हा घटकसुद्धा, परवान्याशिवाय नेणं हा कॅनडाच्याच कायद्याने गुन्हा आहे. कुठल्याही प्रमाणात, डॉक्टरचं पत्र असलं तरी. निर्यातीचे परवाने फक्त औषधी किंवा वैज्ञानिक कामासाठी, कंपन्यांना मिळतात.

भारताच्या बाजूला अमली पदार्थांविरुद्धचा १९८५ चा एनडीपीएस कायदा आहे. १ किलोपर्यंत गांजा किंवा १०० ग्रॅमपर्यंत चरस 'अल्प प्रमाण' धरलं जातं, पण अल्प म्हणजे माफ नव्हे. देशात आणण्याच्या गुन्ह्यात त्यालाही एक वर्षापर्यंत सक्तमजुरी आहे. बँकॉकहून येणाऱ्या मालामुळे मुंबई विमानतळावर कस्टम्सची नजर आधीच तीक्ष्ण आहे. निघण्यापूर्वी पर्स, जॅकेटचे खिसे, व्हेपचं पेन आणि मुलांच्या बॅगा रिकाम्या करून बघा. विसरून राहिलेली गांजाची एक गमी (जेलीची गोळी) सापडली तरी 'विसरलो' हे उत्तर पुरत नाही.

मग उत्तराखंडात हेम्पला, म्हणजे अगदी कमी टीएचसीच्या गांजाच्या झाडाला, परवानगी आहे ती कशी?

एनडीपीएस कायद्याच्या कलम १४ खाली राज्य सरकारला धागा, बी किंवा बागायतीसाठी लागवडीची परवानगी देता येते. उत्तराखंडाने ०.३ टक्क्यापर्यंत टीएचसीच्या झाडांना ती दिली. नोव्हेंबर २०२१ पासून एफएसएसएआयने, म्हणजे भारताच्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाने, हेम्पचं बी, त्याचं तेल आणि पीठ अन्न म्हणून मान्य केलं आहे. फुलोरा मात्र गांजाच्या व्याख्येतच राहतो. आपल्या राज्याने लेखी परवाना दिल्याशिवाय ऊस किंवा हळदीत चार झाडं लावली तर तो सरळ गुन्हा आहे, बियाणं विकणाऱ्याने काहीही सांगितलं तरी.

अमेरिकेच्या सीमेवर काय सांगायचं?

खोटं बोलू नका, आणि माल जवळ ठेवू नका. अमेरिकेत केंद्रीय कायद्याने गांजा अजूनही बंदच आहे, पलीकडच्या राज्यात दुकानं असली तरी. ऑक्टोबर २०१८ मध्ये अमेरिकी सीमा विभागाने जाहीर केलं की कायदेशीर उद्योगात काम करणारा कॅनेडियन नागरिक कामाव्यतिरिक्त कारणासाठी येत असेल तर सहसा अडवणार नाही. गांजाच्याच धंद्यासाठी येत असेल तर प्रवेश नाकारला जाऊ शकतो. ही सवलत नागरिकांबद्दल सांगितलेली आहे. भारतीय पासपोर्टवर, अमेरिकी व्हिसा घेऊन जाणाऱ्याने ती आपल्याला लागू आहे असं धरू नये. अशा व्यक्तीने या उद्योगात नोकरी धरण्याआधी किंवा शेअर घेण्याआधी वकिलाचा सल्ला घ्यावा.